कुत्री सोडा अंगावर

१

भार्गवीचं वाटोळं झालं त्या सकाळी मी दोनदा चहा प्यायले. एकदा सवयीचा आणि एकदा आनंदाचा.

खोटं कशाला बोलू? ती बाई मला डोळ्यांसमोर नको असायची. नागपूरहून आली, आयटीत मोठ्या हुद्द्यावर, आणि बघता बघता हेब्बाळच्या आमच्या सोसायटीत जो तो तिचंच नाव घेऊ लागला. गेल्या गणपतीत नाटकाची नायिका ती. त्याआधी वर्षानुवर्षं नायिका मी असायचे, हे कोणाला आठवेनासं झालं. तेही एकवेळ सोडा. पण माझे यजमान चंद्रकांत, ज्यांना लग्नापासून माझ्या साडीचा रंग कधी सांगता आला नाही, ते घास हातात धरून म्हणायचे, "काय आवाज आहे गं त्या मुलीचा!"

लग्नाआधी मी आकाशवाणीवर मराठी बातम्या वाचायचे. माझ्या आवाजावर लोक घड्याळं लावायचे. आणि हा माणूस माझ्याच ताटासमोर बसून मला दुसरीच्या आवाजाचं कौतुक ऐकवायचा. माझा नुसता जळफळाट व्हायचा.

त्यात भर म्हणून यंदा भार्गवी सोसायटीच्या अध्यक्षपदाला उभी राहिली, तीही चंद्रकांतांच्या विरोधात. कारण पाणी. आमच्या फाटकाबाहेर बोअरवेलचा एक नळ होता, मागच्या गल्लीतल्या बायका तिथून घागरी भरायच्या. उन्हाळ्यात चंद्रकांतांनी तो बंद केला. भार्गवी म्हणाली, मी निवडून आले की पहिल्या दिवशी तो नळ उघडणार. निम्मी सोसायटी तिच्या मागे गेली.

आणि मतदानाच्या आदल्या सकाळी ती क्लिप आली. गुरुप्रसाद नावाच्या माणसाच्या बातम्यांच्या पानावर भार्गवीचा फोटो, मागे कुत्र्यांचं भुंकणं, खाली कन्नड भाषांतराची पट्टी आणि वर तिचा तो प्रसिद्ध आवाज:

"पाणी मागायला आले तर कुत्री सोडा अंगावर! ह्या लोकांना एकदा उंबऱ्याच्या आत घेतलं की संपलं. आम्ही आलो म्हणून... ह्या गावाला नाव मिळालं. नाहीतर काय होतं इथे? नुसते धोंडे, आणि..."

तिथेच तुटली. नाश्त्याच्या वेळेपर्यंत ती एका स्थानिक वाहिनीवरही झळकली. मागच्या गल्लीतली माणसं फाटकावर येऊन घोषणा देऊ लागली. भार्गवीच्या कंपनीने तिला घरी बसायला सांगितलं. सोमवारी चौकशी, आणि चौकशीत काय होणार ते सगळ्यांना ठाऊक होतं.

मी क्लिप पुन्हा लावणार, तेवढ्यात बेल वाजली. दारात भार्गवीचा नवरा सुशांत उभा होता. दाढी वाढलेली, पायात दोन वेगवेगळ्या चपला.

"काकू, तुम्ही मागे फोनवर घाण बोलणारा तो माणूस नुसत्या आवाजावरून शोधला होता ना? आता एकदा आमच्यासाठी ऐका. प्लीज. तुमच्यासारखा कान कोणाचा नाही, असं भार्गवीच म्हणते."

ती म्हणते! मला मेलीला तेवढं पुरलं. मी हेडफोन मागितला.

"तिच्या ऑफिसने लगेच तपासून घेतलंय," तो म्हणाला. "आवाज तिचाच आहे. यंत्राने बनवलेला नाही, मध्ये जोडही नाही. आणि ती शपथेवर सांगते, मी असं कधीच बोलले नाही. आता मी यंत्रावर विश्वास ठेवू की बायकोवर?"

मी डोळे मिटून ऐकलं. पुन्हा ऐकलं. मग हेडफोन काढून ठेवला, आणि जे बोलायची माझी मुळीच इच्छा नव्हती ते बोलले.

"दोघंही खरं बोलतायत, सुशांत."

२

लोकांनी तो आवाज ऐकलाच नव्हता. त्यांनी पट्टी वाचली होती आणि कुत्री ऐकली होती. कुत्र्यांच्या खालचा आवाज कोणी ऐकला असता तर कळलं असतं. रागाने बोलणारा माणूस कुठेही श्वास घेतो, शब्द गिळतो, एक वाक्य सोडून दुसरं धरतो. ही बाई प्रत्येक विरामाला शहाण्यासारखी श्वास घेत होती. आणि "आम्ही आलो म्हणून" नंतर ती थांबली तेव्हा तिने स्वर तसाच वर धरून ठेवला होता. निवेदकाच्या खुर्चीत बसलेल्या कोणालाही ती जागा ओळखता येईल. तिथे पान उलटलं होतं.

ती बोलत नव्हती. वाचत होती.

मी भार्गवीच्या घरी गेले. रडून तिचे डोळे सुजले होते आणि तरीही ती सुंदर दिसत होती. मला त्याचाही राग आला.

"काय वाचत होतीस गं?" मी विचारलं.

"वाचत?" ती गोंधळली. "काकू, मी सकाळपासून आठवून राहिले. कोणाशी भांडले, फोनवर कोणावर चिडले, सगळी भांडणं तपासली. पण असं मी बोलूच शकत नाही. नळ उघडा म्हणून तर मी उभी आहे!"

ती भांडणं तपासत होती, वाचन तपासलंच नव्हतं. त्यात मला नवल वाटलं नाही. बातमीपत्र वाचून बाहेर आले की दारातच कोणी विचारायचं, काय होतं गं आज? मला एक ओळ सांगता यायची नाही. प्रथमच समोर आलेला मजकूर वाचणाऱ्याच्या तोंडातून जातो, डोक्यात राहत नाही.

"हा आवाज बाहेर कोणाला गेला असेल?" सुशांतने विचारलं.

"ते गुरुप्रसादला विचारू," मी म्हटलं. मला क्लिपमध्ये आणखी एक गोष्ट ऐकू आली होती. भुंकण्याच्या खाली, संथ, ठरावीक लयीत काहीतरी कुरकुरत होतं. जुना पंखा असेल असं वाटलं, आणि मी तो विचार तिथेच सोडला. पुढे त्याचीच मला लाज वाटायची होती.

३

गुरुप्रसादचं ऑफिस इंदिरानगरात एका डोशाच्या हॉटेलवर. सांबाराचा वास आणि चार कॉम्प्युटर.

"बन्नी अक्का, बन्नी," त्याने खुर्ची पुढे केली. मी कन्नडमध्येच बोलले, त्यामुळे तो मोकळा झाला.

"कुत्री कुठून आणलीस?"

तो हसला. "तो इफेक्ट आहे. त्याच्याशिवाय लोक थांबत नाहीत, अंगठा पुढे सरकतो."

"आणि मागचंपुढचं बोलणं?"

"मला आलं तेवढंच. पण खरं सांगू? पूर्ण आलं असतं तरी मी एवढंच लावलं असतं. पूर्ण गोष्ट कोण बघतंय, अक्का? आणि मी खोटं काय दाखवलं? आवाज तिचा, शब्द तिचे. पट्टीत एक अक्षर जास्तीचं नाही."

तेच तर. खोट्या बातमीला निदान पकडता तरी येतं. ही खरीच होती, फक्त हातपाय तोडलेली.

"पाठवलं कोणी?"

"ते मी सांगत नसतो." त्याने कॉफी मागवली. "नंबरही ओळखीचा नव्हता."

"बरं. मग एवढंच सांग, पट्टी कोणी लिहिली? तुला तर मराठी येत नाही."

"पाठवणाऱ्यानेच लिहून दिली. आणि कन्नड काय सुरेख, अक्का! आमच्या पोरांना असं लिहिता येत नाही. अगदी जुन्या वळणाचं."

मी कॉफी अर्धी टाकून उठले. जिना उतरतानाच माझ्या लक्षात आलं. आमच्या सोसायटीत नव्याने आलेल्या मराठी पोरांना "स्वल्प" आणि "सरी" यापलीकडे कन्नड येत नाही. तसं सुरेख कन्नड लिहू शकणारी मराठी माणसं तिथे दोनच होती.

त्यातली एक मी.

४

दुसरे चंद्रकांत. पण त्यांच्यावर मी संशय घेतला नाही, आणि का घेतला नाही तेही सांगते. जो माणूस जेवताना एखादीच्या आवाजाची आठवण काढून घास विसरतो, तो तिचा घात कशाला करेल? माझ्या मत्सराने मला एक गोष्ट पढवून ठेवली होती, आणि मी ती निमूटपणे खरी मानून चालले होते.

गुन्हेगार म्हणून मला शलाका हवी होती. शलाका पुण्याची, भार्गवीच्या शेजारी राहणारी, तिची जिवलग मैत्रीण म्हणवणारी. गेल्या नाटकात तिला नायिकेच्या मैत्रिणीचं काम मिळालं होतं. जळण्याचा वास मला लांबून येतो. कन्नड काय, पैसे टाकले की कोणीही लिहून देईल.

"काकू, सिरियसली?" शलाका दारातच भडकली. "मी जेलस आहे, मान्य. तिचं प्रमोशन झालं तेव्हा मी दोन दिवस तिचा फोन उचलला नव्हता. पण म्हणून मी तिची नोकरी घालवीन? आणि तुम्ही मला विचारताय? सगळी सोसायटी तुमचं नाव घेतेय!"

हे मला नवीन होतं.

"तुम्ही तिच्याकडे कशा बघता ते काय कोणाला दिसत नाही?" ती जरा नरमली. "द्या, मी ऐकते एकदा. मी नुसतीच पट्टी वाचलीय."

तिने हेडफोन लावला. मी म्हटलं, कुत्र्यांच्या खाली एक कुरकुर आहे, ती पकड. तिने डोळे मिटले. मग उघडले, आणि माझ्याकडे चकित होऊन पाहिलं.

"काकू, तुम्हाला खरंच कळलं नाही हे काय आहे?"

"पंखा?"

"हा तुमचा झोपाळा आहे."

माझ्या दिवाणखान्यातला झोपाळा! आमच्या सगळ्या तालमी त्याच खोलीत व्हायच्या. चंद्रकांत झोपाळ्यावर बसून दिग्दर्शन करायचे आणि अडखळलेल्याला वाक्यही तेच पुरवायचे, हातात कागद न घेता. ही सवय त्यांच्या इतकी अंगात मुरलेली की एकदा कोणाच्या लग्नात मंगलाष्टकं म्हणणारा अडला, तर पाहुण्यांतून ह्यांनीच पुढची ओळ दिली. ती कुरकुर सोसायटीतल्या प्रत्येक नटाला पाठ होती. मला नव्हती. आपल्याच घराचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही.

५

"माझ्या घरी कधी आली होतीस?"

मी भार्गवीला असं विचारलं की सुशांत उठून उभा राहिला.

"तुम्ही सांगलीला भाचीच्या लग्नाला गेला होता तेव्हा," ती म्हणाली, आणि बोलता बोलताच तिचा हात तोंडावर गेला. "अगंबाई! काकांचं नाटक!"

चंद्रकांतांनी नवं नाटक लिहिलं होतं. यंदाच्या गणपतीसाठी. त्यांनी तिला बोलावून सगळं वाचून घेतलं होतं, सगळी पात्रं एकटीनेच, दुष्काळातल्या गावची माजोरी इनामदारीणसुद्धा. समोर फोन ठेवून ते ऐकत होते.

"ते म्हणाले, काकूंना इतक्यात सांगू नकोस. मला वाटलं तुम्हाला सरप्राइज असेल."

माझ्या माघारी. माझ्या झोपाळ्यासमोर. नवं नाटक, ज्याचा एक शब्द मी ऐकला नव्हता, तिच्या आवाजात.

"मग? वाचून झाल्यावर?" मी विचारलं.

"मग काकांनी चहा केला."

चहा केला! ह्या माणसाला आमच्या घरात साखर कुठे असते ते माहीत नाही.

"आणि विचारलं, कसं वाटलं, खरं सांग. मी सांगितलं, काका, भाषा भारी आहे, पण हे सगळं फार जुनं वाटतं. नवी मुलं नाही यायची बघायला. ते हसले. मंडळाच्या बैठकीतही मी तेच म्हटलं, मग दुसरं नाटक ठरलं." ती हळू आवाजात म्हणाली, "काका तर हसले होते, काकू."

मी ते हसू ओळखत होते. माझ्या भावाने त्यांना बुद्धिबळात हरवलं तेव्हा ते तसेच हसले होते आणि पुढे कित्येक वर्षं सांगलीला आले नव्हते. "काय आवाज आहे त्या मुलीचा!" हे वाक्य मी पुन्हा मनातल्या मनात ऐकलं, ह्या वेळी बातम्या ऐकाव्यात तसं, शांतपणे. त्यात प्रेम नव्हतंच. इतके दिवस मी ज्याला प्रेम समजून जळत होते, ते जळणंच होतं. माझ्यासारखंच.

सुशांत म्हणाला, "काकांचा फोन घेऊ. त्यात पूर्ण रेकॉर्डिंग असेल."

"आता नसेल," मी म्हटलं. "ते इंजिनिअर आहेत, खुळे नाहीत. पण लेखकही आहेत. उद्या मतदानाआधीच्या सभेत मला बोलू दे."

६

रविवारी संध्याकाळी क्लबहाऊस गच्च भरलं. चंद्रकांत पहिल्या रांगेत, कडक इस्त्रीचा शर्ट. त्यांचं भाषण छोटं आणि सभ्य झालं. "मी कोणावर आरोप करत नाही. आवाज आपला आहे हे भार्गवीबाईंनीच मान्य केलंय. लोकशाही आहे, लोक ठरवतील." टाळ्या पडल्या. भार्गवी मागे मान खाली घालून बसली होती, तिच्या शेजारची खुर्ची रिकामी ठेवून लोक उभे होते.

मी पुढे गेले. अध्यक्षांची बायको म्हणून सगळ्यांनी कौतुकाने जागा दिली. चंद्रकांतांनीही मान हलवली.

"तुम्ही सगळ्यांनी ती क्लिप मोबाईलवर पाहिलीत," मी म्हटलं. "आज कुत्र्यांशिवाय ऐका."

आणि मी ती म्हटली. माइक बाजूला सारून, पूर्ण आवाजात. किती वर्षांनी असा आवाज लावला होता मी! "पाणी मागायला आले तर कुत्री सोडा अंगावर!" इनामदारीण अंगात आली. पहिल्या रांगेत चंद्रकांतांची मान तालावर हलू लागली. त्यांना थांबवता येत नव्हती ती. त्यांची वाक्यं होती आणि कोणीतरी ती अखेर व्यासपीठावरून म्हणत होतं.

"...नाहीतर काय होतं इथे? नुसते धोंडे, आणि..."

मी थांबले. क्लिप जिथे तुटते तिथेच. हात हवेत तसाच ठेवला, ओठ उघडे, वाक्य विसरलेल्या नटीसारखे, आणि पहिल्या रांगेकडे पाहिलं.

मी पापणी हलवली नाही.

"...आणि धोंड्यांवर बसलेले कावळे," चंद्रकांत म्हणाले.

स्वच्छ, हलक्या, विंगेतल्या आवाजात. म्हणून झाल्यावर त्यांना कळलं. त्यांचा चेहरा मी कधी विसरणार नाही.

"क्लिप धोंड्यांवर संपते," मी सभेला म्हटलं. "कावळे जगात कोणी ऐकलेले नाहीत. ते ह्यांना कसे माहीत?"

"कारण ते काकांनी लिहिलेत!" शलाका मागून ओरडली. "आणि मागे तुमचा झोपाळा वाजतोय!"

मग मी सगळं सांगितलं. वाचन, पान उलटण्याची जागा, माझं सांगलीला जाणं, कन्नड पट्टी. चंद्रकांत उठून एवढंच म्हणाले, "मी खोटं काही पाठवलं नाही."

"नाही," मी म्हटलं. "तुम्ही फक्त नाटक काढून टाकलंत."

७

सुशांतने सभेचं चित्रण कंपनीला पाठवलं. सोमवारी चौकशी झाली ती दहा मिनिटांत आटोपली आणि भार्गवी कामावर गेली. निवडणूक ती जिंकली, चंद्रकांतांनी नाव मागे घेतलं होतं. तिने नळ उघडला. पण घागर भरणाऱ्या बायका तिच्याकडे बघून अजून आपसांत कुजबुजतात, "तीच ती, कुत्र्यांवाली." गुरुप्रसादने खुलासा लावला, तोही कुत्र्यांशिवाय. तो कोणी बघितला नाही. मी त्या बायकांना कन्नडमध्ये समजावते. एकीला पटतं, दुसरी म्हणते, पण अक्का, आवाज तर तिचाच होता ना?

चंद्रकांत चार दिवस माझ्याशी बोलले नाहीत. पाचव्या दिवशी दुपारी जेवताना म्हणाले, "मला वाटलं होतं, निदान तू गप्प बसशील. तुला ती आवडत नाही."

"आवडत नाहीच."

"मग त्या बाईसाठी मला सगळ्यांसमोर उघडं केलंस?"

"तिची नोकरी जात होती, अहो! तिचं नाव जात होतं. ती आवडायला कशाला हवी?" मी ताट सरकवलं. "नाटक लिहिलंत, आणि पहिल्यांदा तिला वाचायला दिलंत. मला का नाही?"

त्यांनी हातातला घास ताटात ठेवला.

"तू चांगलं म्हणाली असतीस," ते म्हणाले. "तू नेहमी चांगलंच म्हणतेस. मला एकदा खरं ऐकायचं होतं. आणि खरं ऐकलं ते मला सोसलं नाही."

मला रडू आलं, आणि राग आला. मत्सर तर होताच, तो काही एका सभेने जात नाही. मी हात धुतले, पुसले आणि त्यांच्यासमोर पसरले.

"द्या इकडे ते नाटक."

ते उठले, कपाटातून घेऊन आले. मी संध्याकाळपर्यंत वाचलं, सगळी पात्रं, मोठ्याने. ते समोर बसून होते, एकदाही मध्ये बोलले नाहीत. शेवटचं पान संपल्यावर त्यांनी माझ्याकडे पाहिलं, अगदी परीक्षेच्या निकालाला आलेल्या पोरासारखं.

"भार्गवी म्हणाली ते बरोबर आहे," मी म्हटलं. "फार जुनं आहे हे."